फॉलआउट २ पेन ड्राइव्हवर: आठ महिन्यांच्या वापरानंतर

१९९८ चा हा खेळ आठ महिने एकाच फोल्डरमधून चालतोय. कोथरूडला घरी विंडोजचा डेस्कटॉप, हिंजवडीच्या बसमध्ये लिनक्सचा लॅपटॉप, मध्ये एक पेन ड्राइव्ह. सगळा पसारा एक जीबीच्या आत बसतो, त्यामुळे जागेची अडचण नाही. अडचण येते ती खेळ कुठून वाचतो आणि कुठे लिहितो यात.

आधी वाचण्याचं. खेळाच्या सेटिंग्जची फाइल 'फॉलआउट२.सीएफजी' नोटपॅडमध्ये उघडा. 'सिस्टिम' विभागात मास्टर_डॅट आणि क्रिटर_डॅट (खेळाच्या दोन मुख्य डेटाफाइल्स) यांच्यापुढे 'सी:' पासूनचा पूर्ण पत्ता असेल, तर तो खोडून नुसतं फाइलचं नाव ठेवा. पॅचेसच्या दोन्ही ओळींपुढे फक्त 'डेटा'. नाहीतर दुसऱ्या मशीनवर ड्राइव्हचं अक्षर बदललं की मास्टर डेटाफाइल सापडत नाही, सीडी घातली आहे का बघा, असा निरोप येतो. सीडी आता आणायची कुठून! संगीत गायब असेल तर 'साउंड' विभागातले म्युझिक_पाथ तपासा, तिथे बऱ्याचदा जुन्या सीडी ड्राइव्हचं अक्षर चिकटून असतं.

लिहिण्याचं दुखणं जास्त फसवं. सेव्ह 'डेटा'मधल्या 'सेव्हगेम'मध्ये जातात, हे बहुतेकांना ठाऊक असतं. पण एका नकाशातून दुसऱ्यात गेलात की मागच्या नकाशाची स्थिती, सेव्ह न दाबताही, 'डेटा'मधल्या 'मॅप्स'मध्ये लिहिली जाते. म्हणून खेळ 'प्रोग्राम फाइल्स'मध्ये टाकू नका. विंडोज तिथलं लेखन गुपचूप 'व्हर्च्युअलस्टोअर' या दुसऱ्याच फोल्डरकडे वळवतं. खेळ मजेत चालतो आणि फोल्डर कॉपी केल्यावर कळतं की सेव्ह जुन्या मशीनवरच राहिले. पेन ड्राइव्ह मध्येच उपसला किंवा पावसाळ्यात वीज गेली, तर याच छोट्या फाइल्स अर्धवट राहतात. 'सेव्हगेम'ची एक प्रत दर रविवारी वेगळी काढून ठेवावी.

लिनक्सवर वाइनच्या (विंडोजचे प्रोग्राम लिनक्सवर चालवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या) वाटेला जाऊ नका. वाइनचं प्रीफिक्स, म्हणजे त्याचं स्वतःचं फोल्डर, सिमलिंक (दुसऱ्या फाइलकडे बोट दाखवणारे दुवे) मागतं, ते पेन ड्राइव्हच्या एक्सफॅट या फॉरमॅटवर होत नाही, म्हणजे एक फोल्डर हे सूत्रच मोडलं. त्यापेक्षा फॉलआउट २ कम्युनिटी एडिशनची (चाहत्यांनी नव्याने लिहिलेल्या खेळाच्या इंजिनची) लिनक्स फाइल त्याच फोल्डरात ठेवा. डॅट फाइल्स आणि 'डेटा' यांची नावं छोट्या इंग्रजी अक्षरांत करा. एक्सफॅटला मोठ्या-छोट्या अक्षरांचा फरक कळत नाही, त्यामुळे ही चूक पेन ड्राइव्हवर झाकली जाते आणि लॅपटॉपच्या डिस्कवर कॉपी केल्यावर डोकं वर काढते. एसफॉल या विंडोजवरच्या सुधारणा-पॅचच्या सगळ्या सोयी या एडिशनमध्ये मिळत नाहीत, पण साध्या खेळाला काही कमी पडत नाही.

रिझोल्यूशन 'एफ२_रेस.आयएनआय' या सेटिंग्जच्या फाइलमध्ये १२८० बाय ७२० ठेवा, दोन्ही पडद्यांवर बसतं.

पेन ड्राइव्ह पुण्यातल्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारातून, तापकीर गल्लीतून घ्या नाहीतर ऑनलाइन, आधी एच२टेस्टडब्ल्यू या तपासणीच्या प्रोग्रामने पूर्ण भरून तपासा. खोट्या क्षमतेचा निघाला तर सेव्ह आधी जातात. आणि रिस्टोरेशन प्रोजेक्ट (खेळातून वगळलेला भाग परत आणणारा चाहत्यांचा मॉड) घालायचा असेल तर पहिल्याच दिवशी घाला. जुने सेव्ह त्यावर चालत नाहीत.