संच चांगला, पण तळटीपाच कापल्यात

सोलापुरात एम.ए. इतिहासाच्या विद्यार्थ्यांसाठी 'युद्ध आणि स्त्रिया' या विषयाचा झेरॉक्स संच मिळतो. 186 पानं, स्पायरल बाइंडिंग, 280 रुपये. दुकानाचं नाव लिहीत नाही. चूक दुकानदारापेक्षा संकलकाची जास्त आहे.

सुरुवात डॉ. द्वारकानाथ कोटणिसांपासून केलीय, ती अगदी नेमकी. 1938 साली ते जपानशी लढणाऱ्या चीनमध्ये वैद्यकीय मदतीला गेले, हे इथल्या शाळकरी पोरांनाही ठाऊक असतं. त्याच वर्षी 4 मार्चला जपानच्या युद्धमंत्रालयानं सूचना काढली, की सैन्याच्या 'आराम केंद्रां'साठी (म्हणजे सैनिकांकरता बायकांना लैंगिक गुलामगिरीत ठेवायची ठिकाणं) बायका गोळा करणारी माणसं सैन्यानं नीट पारखून घ्यावीत आणि पोलिसांशी संधान ठेवावं. असे कागद इतिहासकार योशिमी योशिआकी यांनी जानेवारी 1992 मध्ये उजेडात आणले आणि 'हा तर खासगी दलालांचा धंदा' हा जपानी सरकारचा पवित्रा टिकला नाही. त्याआधी 14 ऑगस्ट 1991 रोजी हे स्वतः भोगलेल्या कोरियन बाई किम हाक-सून सोलमध्ये स्वतःच्या नावानिशी बोलल्या होत्या. साक्ष आणि कागद समोरासमोरच्या पानांवर ठेवलेत. याचे पैकीच्या पैकी गुण.

घोळ पुढे आहे. मोठी पानं ए-फोरवर घेताना खालच्या तळटीपा कापल्या गेल्यात. या विषयात भांडण असतं ते तळटिपांवरच. आकड्यांचं बघा: संचात बायकांची संख्या सरळ 2,00,000 दिलीय. पूर्ण नोंदवही कुठंच नाही. किती सैनिकांमागे एक बाई आणि किती जणी बदलल्या गेल्या, हे गृहीत धरून गुणाकार करतात. गृहीतक हललं की उत्तर हलतं, म्हणून अभ्यासकांचे अंदाज 20,000 पासून 2,00,000 पर्यंत जातात. उत्तरपत्रिकेत दोन्ही टोकं लिहा, आणि गुणाकार कशाचा तेही.

दुसरी चूक जास्त महागात पडेल. कोरियातल्या जेजू बेटावरून आपणच बायका धरून नेल्या, असं सांगणाऱ्या योशिदा सेइजी या जपानी माणसाची कबुली पुरावा म्हणून जशीच्या तशी छापलीय. ती खोटी ठरली. असाही शिंबुन या जपानी दैनिकानं त्यावरच्या बातम्या ऑगस्ट 2014 मध्ये मागे घेतल्या. सगळंच नाकारणारे नेमका हाच धागा ओढतात. बाकी साक्षी आणि कागद या कबुलीवर उभे नाहीत, तेव्हा ती चार पानं सरळ फाडून टाका.

या बायकांना सैन्यानं दिलेल्या नावाचं 'विसावा देणाऱ्या स्त्रिया' हे भाषांतर तर डोळ्यांत खुपतं. सैन्याचा गोडवा मराठीत कशाला आणायचा? 'लैंगिक गुलामगिरी' लिहावं. संयुक्त राष्ट्रांच्या 1996 च्या अहवालातही हाच अर्थ आहे.

फाळणीचं शेवटचं प्रकरण मात्र पैसे वसूल करतं. फाळणीत पळवलेल्या बायका शोधून परत पाठवण्याच्या 1949 च्या भारतीय कायद्यातली 'अपहृत व्यक्ती'ची व्याख्या पूर्ण दिलीय: 1 मार्च 1947 पासून आणि 1949 उजाडण्यापूर्वी कुटुंबापासून तुटलेली, दुसऱ्याच्या घरी किंवा ताब्यात आढळलेली मुस्लिम स्त्री, वय कितीही असो. मुलग्यांना 16 वर्षांची मर्यादा होती, बाईला नाही. आणि तिला स्वतःला काय हवंय, याला या व्याख्येत जागाच नाही.

घेण्याआधी दुकानातच पान 61 ते 74 उघडून बघा. दोन प्रतींत ती उलटी लागलीत. पैसे मग द्या.