हायब्रिडचा शॉकअप काढून साधा फोर्क बसवला: एक पावसाळा आणि एक हिवाळा वापरल्यावर

मे महिन्यात माझ्या हायब्रिड सायकलचा पुढचा शॉकअप काढून तिथे क्रोमोलीचा (मिश्र पोलादाचा) साधा, न हलणारा फोर्क, म्हणजे पुढचं चाक धरणारा दुपाखी चिमटा, घातला. त्याबरोबर वरखाली सीलबंद बेअरिंगचा नवा हेडसेटही बसवला; हँडल आणि फोर्क फ्रेममध्ये ज्यावर फिरतात तो बेअरिंगचा संच म्हणजे हेडसेट. सगळं काम घरीच, गच्चीवर. मधे पुण्याचा अख्खा पावसाळा गेला, आता थंडीही सरत आली. सायकल रोज ऑफिसला जाते, रविवारी खडकवासला किंवा बोपदेव, क्वचित मुळशी. एवढ्या वापरानंतर एक गोष्ट ठामपणे सांगतो. फोर्क बदलल्याचा फरक पहिल्याच दिवशी कळतो, पण केलेलं काम टिकणार की नाही ते हेडसेटच्या खालच्या बेअरिंगवर ठरतं. पैसे वाचवायचे असतील तर दुसरीकडे कुठेही वाचवा, तिथे नको.

जुना शॉकअप कॉइल स्प्रिंगचा होता, ६३ मिमी हलणारा. नवा होता तेव्हाही खड्ड्यात फारसा उपयोग नव्हता, आणि आतले बुश (पायांना सरकताना आधार देणाऱ्या नळ्या) झिजल्यावर तर पुढचा ब्रेक दाबला की खालचे पाय मागेपुढे खट्ट करायचे. त्याहून त्रासदायक हेडसेट. हँडल सरळ केलं की ते मधोमध एका खाचेत जाऊन बसायचं आणि तिथून हलवायला किंचित जोर लागायचा. संथ चालवताना सायकल सरळ रेषेत जाण्याऐवजी हलकी नागमोडी जायची. हे का होतं? सायकल बहुतेक वेळ सरळच चालते, त्यामुळे खालचे छर्रे रेसवर (ते फिरतात त्या कड्यावर) त्याच त्या जागी आदळत राहतात आणि तिथे बारीक खळगे पडतात. एकदा खळगे पडले की ग्रीस भरून, कमीजास्त आवळून काही होत नाही, रेस बदलावीच लागते. पुढचं चाक उचलून दोन बोटांनी हँडल हळू फिरवा, मध्यावर अडकल्यासारखं वाटलं तर तुमच्याही सायकलीचं तेच झालंय.

मी सुट्या भागांच्या शोधात निघण्याआधी मापं घेतली, आणि या कामातला महत्त्वाचा भाग मापंच आहे. हेडसेटचे प्रकार इतके आहेत की दुकानात जाऊन 'हायब्रिडचा हेडसेट द्या' म्हटलं तर हातात काय पडेल सांगता येत नाही. हल्लीच्या बहुतेक गिअरच्या सायकलींना आटे नसलेला, म्हणजे थ्रेडलेस हेडसेट असतो आणि स्टिअररचा, म्हणजे फोर्कच्या वरच्या नळीचा, व्यास २८.६ मिमी, म्हणजे एक इंच आणि वर इंचाचा आठवा भाग. एवढ्यावर भागत नाही. हेडट्यूबचा, म्हणजे स्टिअरर जिच्यातून जातो त्या फ्रेमच्या पुढच्या नळीचा, आतला व्यास बघावा लागतो. बेअरिंग धरणारे कप फ्रेमच्या बाहेर वाटीसारखे दिसत असतील तर आतला व्यास साधारण ३४ मिमी आणि हेडसेटवर 'ईसी ३४' असं लिहिलेलं पाहिजे. कप आत दडलेले असून बाहेर नुसती पातळ कडा दिसत असेल तर बहुतेक ४४ मिमी, म्हणजे 'झेडएस ४४'. खालच्या बेअरिंगखालचं कडं, म्हणजे क्राउन रेस, फोर्कच्या ज्या गोल बैठकीवर बसते तिचं माप ३० मिमी. माझी सायकल ईसी ३४ निघाली. व्हर्निअर कॅलिपर लागतोच, पट्टीने हे काम होत नाही. खाली जाड होत जाणाऱ्या टेपर्ड स्टिअररचा फोर्क सरळ हेडट्यूबमध्ये जातच नाही, हे विकत घेण्याआधी डोक्यात असू द्या.

दुसरं माप फोर्कच्या उंचीचं: चाकाच्या अ‍ॅक्सलच्या मध्यापासून क्राउन रेसच्या बैठकीपर्यंत. शॉकअप काढून साधा फोर्क घालणारे बरेच जण इथेच फसतात. माझा जुना फोर्क ४५५ मिमी भरला. पण त्यावर बसलं की स्प्रिंग दबून तो दीडेक सेंटिमीटर खाली जायचा, म्हणजे चालवताना खरी उंची ४४० च्या आसपास. मी ४३५ चा फोर्क निवडला. फार छोटा फोर्क घातला तर सायकलचं तोंड खाली येतं, हँडल चंचल होतं आणि पेडल रस्त्याच्या जवळ येतं. उंचीत २० मिमीचा फरक पडला की हेडट्यूबचा कोन साधारण एका अंशाने बदलतो, आणि एक अंश हाताला स्पष्ट जाणवतो. रोड बाइकचे ३७० ते ३९५ मिमीचे फोर्क दिसायला सुंदर असतात, स्वस्तही मिळतात, पण शॉकअपसाठी बनवलेल्या फ्रेमला ते लावू नयेत.

ब्रेकची बैठकही जुळायला हवी. माझी डिस्क १६० मिमीची आणि ब्रेकचा कॅलिपर पोस्ट माउंटचा (बोल्ट सरळ फोर्कमधल्या आट्यांत जाणारा), म्हणून फोर्कही तसाच शोधला. रिमवर दाबणाऱ्या व्ही ब्रेकवाल्यांनी फोर्कवर त्याचे खुंट आहेत का ते बघावं.

नाना पेठेत हेडसेट लगेच मिळाला. फोर्क मात्र ऑनलाइन मागवावा लागला आणि विक्रेत्याने त्यावर क्राउन ते अ‍ॅक्सलची उंचीच दिली नव्हती. विचारल्यावर जे माप सांगितलं ते आलेल्या मालाशी जुळत नव्हतं, तो परत करून दुसरा घ्यावा लागला. हे एकच माप पानावर छापायला काय जातं, असा प्रश्न अजून पडतो. सायकलीचा स्वभाव बदलणारा आकडा आहे तो.

आता बसवण्याबद्दल. जुने कप आतून ठोकून काढायचे: हेडट्यूबमध्ये खालून लांब लोखंडी गज घालून वरच्या कपाच्या कडेवर, आणि एकाच जागी न मारता आळीपाळीने चारी बाजूंनी. कप तिरका निघाला तर हेडट्यूबचं भोक लंबगोल होण्याची भीती. बसवायला दुकानात प्रेस असतो. घरी त्याचं काम १२ मिमी जाडीचा आट्यांचा रॉड, दोन नट आणि कपाहून मोठे चारपाच जाड वायसर करतात. हार्डवेअरच्या दुकानात हे सगळं दोनअडीचशे रुपयांत येतं. बेअरिंग आधी काढून बाजूला ठेवायची, दाब फक्त कपाच्या कडेवर आला पाहिजे. एका वेळी एकच कप आत घ्यावा. दोन्ही एकदम ओढले तर कुठला तिरका चाललाय ते कळत नाही. हेडट्यूबच्या आत रंगाचे ओघळ होते, ते ब्लेडने खरवडून ग्रीसचा पातळ हात दिला. कप पूर्ण बसला की पान्याचा ताण एकदम वाढतो, तिथे थांबायचं. कप आणि फ्रेममध्ये उजेडाची रेघ दिसते का ते टॉर्च लावून चारी बाजूंनी पाहिलं.

क्राउन रेस पीव्हीसी पाईपने ठोकून बसवली. पाईपचा तुकडा स्टिअररवरून सैल सरकेल एवढा घ्यायचा आणि त्याची कड रेसच्या आतल्या बाजूवर टेकली पाहिजे, बेअरिंग बसते त्या उतारावर नव्हे. हातोडीच्या प्रत्येक घावाबरोबर टक् असा पोकळ आवाज येतो. रेस तळाला टेकली की तोच आवाज भरीव होतो. डोळ्यांपेक्षा कानावर विसंबण्याचं हे काम आहे. काही हेडसेटमध्ये क्राउन रेसला चीर असते, ती हाताने दाबूनही बसते. घरी काम करणाऱ्याने शक्यतो तशीच घ्यावी.

स्टिअरर कापण्याआधी सगळं कोरडं जोडून पाहिलं: खालचं बेअरिंग, फ्रेम, वरचं बेअरिंग, चीर असलेली कॉम्प्रेशन रिंग, झाकण, स्पेसर (उंची वाढवणाऱ्या कड्या), स्टेम (हँडल धरणारा भाग). स्टेमच्या वरच्या कडेशी स्टिअररवर खूण केली आणि तिच्या ३ मिमी खाली कापलं. ही तीन मिलिमीटरची पोकळी लागतेच. स्टिअरर स्टेमच्या बरोबरीला आला तर स्टेमवरची टोपी स्टिअररवरच टेकते आणि बेअरिंगवर दाब येत नाही, मग कितीही आवळा, प्ले (ढिलेपणा) जात नाही. कापताना होज क्लिप घट्ट आवळून तिच्या कडेने हॅक्सॉ चालवला, काप सरळ आला. कडा कानशीने मोडल्या. मी हँडलखाली २० मिमीचे स्पेसर ठेवलेत. स्टिअरर नंतर कमी करता येतो, वाढवता येत नाही, त्यामुळे पहिल्यांदा उंचच ठेवावा.

स्टार नट, म्हणजे टोपीचा बोल्ट धरणारा स्टिअररच्या आतला नट, ठोकताना त्यात लांब एम ६ बोल्ट पिळून घेतला आणि बोल्टच्या डोक्यावर मारलं, म्हणजे तो सरळ जातो. वरच्या कडेपासून साधारण १५ मिमी खोल पुरतो. कार्बनच्या स्टिअररमध्ये स्टार नट कधीही ठोकू नये, त्यासाठी फुगणारा प्लग वेगळा मिळतो.

आवळण्याचा क्रम मात्र पाठ करून ठेवण्यासारखा. स्टेमचे आडवे बोल्ट सैल ठेवून वरच्या टोपीचा बोल्ट थोडा थोडा आवळायचा. पुढचा ब्रेक दाबून सायकल मागेपुढे ढकलायची आणि दुसऱ्या हाताचं बोट खालच्या कपाच्या सांध्यावर ठेवायचं. प्ले असेल तर बोटाला लगेच कळतो. तो जिथे संपतो तिथे थांबायचं. पुढचं चाक उचलल्यावर हँडल आपल्या वजनाने सहज एका बाजूला पडलं पाहिजे. मग चाकाशी स्टेम सरळ करून आडवे बोल्ट आवळायचे, माझ्या स्टेमवर ५ न्यूटन मीटर लिहिलंय. फोर्क धरून ठेवतो तो स्टेम. टोपीचं काम फक्त बेअरिंगवर दाब देण्याचं. पहिल्या आठवड्यात कप आणखी जरासे बसतात, थोडा प्ले परत येतो, पुन्हा याच क्रमाने काढायचा. त्यानंतर माझ्याकडे तो आलेला नाही.

चालवण्यात काय बदललं? पुढचं टोक हलकं झालं: जुना शॉकअप घरच्या वजनकाट्यावर २.३ किलो भरला, नवा फोर्क १.१. बोपदेव चढताना उभं राहून पेडल मारलं की आधी निम्मा जोर स्प्रिंग दाबण्यात जातोय असं वाटायचं, ते पूर्ण थांबलं. ब्रेक लावल्यावर नाक खाली जात नाही. घाट उतरताना वळणावर सायकल सांगाल त्या रेषेत जाते आणि हा भरवसा मला वजन कमी होण्यापेक्षा मोलाचा वाटतो.

तोटा आहे, आणि तो रंबलरवर सगळ्यात जास्त कळतो. ३५ मिमीच्या टायरवर सुरुवातीला मनगटं दुखायची. ४२ मिमीचे टायर घातले आणि पुढच्या चाकातली हवा ६० वरून ४० पीएसआयवर आणली, त्यानंतर पेव्हर ब्लॉकचे रस्तेही सुसह्य झाले. फोर्कमध्ये जागा आहे का ते घेतानाच बघा, कारण रुंद टायरशिवाय हा बदल मी कुणालाही सुचवणार नाही. ज्यांचा रोजचा रस्ता दगडमातीचा किंवा सह्याद्रीतल्या पायवाटांचा आहे त्यांनी चांगल्या शॉकअपवरच खर्च करावा. आणखी एक बारीक तक्रार: या फोर्कला ब्रेकच्या केबलसाठी एकही कडी नाही, ती मला टाय लावून बांधावी लागलीय.

पावसाळ्याबद्दल जरा सविस्तर, कारण हेडसेटचा खरा कस तिथे लागतो. पुढचं चाक रस्त्यावरचं पाणी आणि वाळू नेमकी खालच्या कपाच्या तोंडावर फेकतं. वरच्या बेअरिंगला यातलं फारसं काही सोसावं लागत नाही. मी बसवतानाच दोन गोष्टी केल्या होत्या. बेअरिंगच्या बाहेरून पाण्याने न सुटणारं जाड ग्रीस भरपूर लावलं, आणि जुन्या ट्यूबचा चार बोटं रुंद तुकडा कापून खालच्या सांध्यावर बाहीसारखा चढवला. मडगार्डही लांब लावलं. ऑक्टोबरात सगळं उघडून पाहिलं. वरचं ग्रीस होतं तसंच. खालचं बाहेरच्या कडेला करडं झालेलं, त्यात वाळूचे दोनचार कण चमकत होते, पण बेअरिंगच्या सीलच्या आत काही गेलं नव्हतं आणि बोटावर फिरवल्यावर ते गुळगुळीत चाललं. पुसून, नवं ग्रीस लावून परत बसवलं. ट्यूबची बाही मात्र बदलली, रबर चिरायला लागलं होतं. त्या आधीच्या पावसाळ्यात जुन्या उघड्या छर्‍यांच्या हेडसेटमधून तांबूस पाणी गळत होतं.

नोव्हेंबरात उभं राहून चढताना एक किरकिर सुरू झाली. हेडसेटचा संशय आला, पण निघाली स्टेमच्या खालच्या कोरड्या स्पेसरची. दोन्ही बाजू पुसून ग्रीसचं बोट फिरवलं आणि आवाज गेला.

फोर्कला साधारण चार हजार आणि हेडसेटला बाराशेच्या घरात लागले. त्याच दुकानात उघड्या छर्‍यांचा सेट साडेतीनशेला होता. फरकाचे साडेआठशे रुपये सील आणि बेअरिंगचे, आणि पावसात सायकल चालवणाऱ्याने ते द्यावेत असं माझं स्पष्ट मत आहे. शिवाय सीलबंद बेअरिंग सुटं मिळतं, कप न काढता बदलता येतं. त्याच्या कडेवर बाहेरचा आणि आतला व्यास आणि दोन कोन कोरलेले असतात, ३६ बाय ४५ किंवा ४५ बाय ४५. ते आकडे ग्रीस लावण्याआधीच वाचून मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवा, कारण बाहेरून दोन्ही बेअरिंगं सारखीच दिसतात आणि कोन चुकला तर बैठक नीट जुळत नाही. खालचं एक जादा बेअरिंग मी आत्ताच आणून ठेवलंय, येत्या पावसाळ्यानंतर उघडीन तेव्हा गरज पडली तर घालीन.