भिन्नछेद अपूर्णांकांची बेरीज: तिरकस गुणाकार की लसावि?

छेद वेगळे असले की आधी ते समान करावेच लागतात. ते टाळून १/२ + १/३ चं उत्तर २/५ काढलं, तर बेरीज अर्ध्यापेक्षाही कमी भरते! दोन्ही रीतींमध्ये हे काम तेच आहे. फरक आहे तो समान छेद केवढा घ्यायचा, याचा: छेदांचा गुणाकार, की त्यांचा लसावि, म्हणजे सगळ्या छेदांनी भाग जाणारी सर्वांत लहान संख्या.

तिरकस गुणाकारात छेदांचा सरळ गुणाकार करतात. २/५ + ३/७ घ्या: २×७ = १४, ३×५ = १५, खाली ५×७ = ३५. उत्तर २९/३५. शोधाशोध काहीच नाही. ५ आणि ७ सहमूळ असल्यामुळे (म्हणजे १ सोडून दोघांना भागणारी दुसरी संख्या नसल्यामुळे) त्यांचा लसाविही ३५च येतो, मग तो वेगळा काढत कशाला बसायचं? बीजगणितात छेदात अक्षरं आली तरी ही रीत चालते.

आता ७/२४ + ५/३६ करून बघा. तिरकस गुणाकाराने वर २५२ + १२० = ३७२, खाली ८६४. उत्तर बरोबर आहे, पण संक्षिप्त रूप द्यायला अजून १२ ने भागायचंय, आणि मुलं नेमकी इथेच अडकतात. लसावि ७२ घेतला तर २१/७२ + १०/७२ = ३१/७२, काम संपलं.

लसावि शोधायचाच कंटाळा येत असेल, तर मला सगळ्यात आवडणारी वाट वेगळी आहे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’तही (इ.स. ११५०) साध्या रीतीला पर्याय म्हणून ती दिलेली आहे. दोन्ही छेदांना त्यांच्या मसाविने, म्हणजे दोघांना भागणाऱ्या सर्वांत मोठ्या संख्येने, भागायचं. २४ आणि ३६ ला १२ ने भागल्यावर २ आणि ३ उरतात. मग पहिल्या अपूर्णांकाचे अंश आणि छेद ३ ने गुणायचे, दुसऱ्याचे २ ने. २१/७२ आणि १०/७२ आपोआप समोर येतात. गुणाकार तिरकसच, फक्त लहान आकड्यांचा.

३/४ + ५/१२ सारख्या गणितात एक छेद दुसऱ्याच्या पटीत असतो. तिथे थेट १२ घ्या.

तीन अपूर्णांक आले की मात्र मी लसाविच घ्या म्हणेन. १/६ + ३/८ + ५/१२ मध्ये छेदांचा गुणाकार ५७६ होतो आणि लसावि फक्त २४. ४ + ९ + १० = २३, म्हणून उत्तर २३/२४.

मूल नुकतंच शिकत असेल तर सुरुवात तिरकस गुणाकाराने करू नये, असं मला मनापासून वाटतं. ती रीत कारण न समजताही पाठ होते. आधी १/२ म्हणजेच ३/६ आणि १/३ म्हणजेच २/६, हे त्याला पट्टी आखून, सहा भाग रंगवून दिसू द्या.

आणि लसावि वापरला म्हणून उत्तर संक्षिप्तच येईल, असं धरून चालू नका. १/६ + १/१० = ५/३० + ३/३० = ८/३०. अजून २ ने भाग जातो, खरं उत्तर ४/१५.