प्रोपब्लिका: पेपरवाल्या एडिटरने उभी केलेली फुकट न्यूजरूम, बरीच वर्षं वापरून लिहिलेला रिव्ह्यू

मी अमेरिकेत छोट्या नॉन-प्रॉफिट संस्थांचे हिशेब बघते, त्यामुळे फॉर्म ९९०, म्हणजे अशा संस्थांनी दरवर्षी सरकारला भरून द्यायचा हिशेबाचा फॉर्म, माझ्या टेबलवर कायम पडलेलाच असतो. प्रोपब्लिका ह्या शोधपत्रकारितेच्या साइटची ओळख झाली ती पण बातमी वाचून नाही, त्यांच्या नॉनप्रॉफिट एक्सप्लोररमुळे झाली. संस्थेचं नाव टाकायचं की तिचे वर्षावर्षांचे ९९० समोर, अकाउंट उघडायची भानगड नाही, कार्ड नंबर नाही, काही नाही. मग त्याच साइटवर बातम्या वाचायला लागले, मग ही साइट काढली कोणी ते शोधायला लागले आणि तिथे पॉल स्टायगर हे नाव सापडलं. तेव्हापासून माझं पक्कं मत झालंय की ही साइट अशी का आहे हे कळायचं असेल तर आधी त्या माणसाची पेपरातली चाळीस वर्षं बघावी लागतात. म्हणून इथे साइट आणि माणूस दोन्ही येणारेत, थोडं लांबेल.

स्टायगर १९४२ सालचे. येलमधून इकॉनॉमिक्स केलं आणि १९६६ ला वॉल स्ट्रीट जर्नल ह्या पैशापाण्याच्या बातम्यांच्या पेपरच्या सॅन फ्रान्सिस्को ब्युरोत रिपोर्टर म्हणून लागले. दोन वर्षांनी लॉस एंजेलिस टाइम्सला गेले ते तिथे पंधरा वर्षं राहिले, रिपोर्टर, मग वॉशिंग्टनहून अर्थव्यवस्थेच्या बातम्या, मग बिझनेस एडिटर. १९८३ ला परत जर्नलमध्ये आणि १९९१ ला तिथले मॅनेजिंग एडिटर, म्हणजे बातम्यांच्या बाजूचा सगळ्यात वरचा माणूस. त्या खुर्चीत ते २००७ पर्यंत होते आणि त्या काळात पेपरला १६ पुलित्झर, म्हणजे अमेरिकेतले पत्रकारितेचे सगळ्यात मानाचे पुरस्कार, मिळाले.

पण मला त्या १६ पेक्षा १९९६ ची गोष्ट जास्त महत्त्वाची वाटते. तेव्हा बहुतेक पेपर आपापल्या बातम्या वेबवर फुकट टाकत सुटले होते, आणि जर्नलने मात्र त्याच वर्षी ऑनलाइन पेपरला पैसे लावले, वर्षाला ४९ डॉलर, आणि घरी छापील पेपर येत असेल तर २९. लोकांना वाटलं वेबवर पैसे कोण देणार, पण वाचकांनी दिले. हा धंद्याचा निर्णय होता, एकट्या एडिटरचा नव्हे, हे मला माहितीये, पण ह्या पेपरच्या बातम्यांची जबाबदारी ज्याच्यावर होती त्याने पुढे जाऊन एक पैसा न घेणारी साइट काढावी ह्याचं मला सुरुवातीला फार नवल वाटायचं. नंतर हळूहळू डोक्यात प्रकाश पडला, त्याबद्दल खाली लिहिते.

११ सप्टेंबर २००१ ला जर्नलचं ऑफिस वर्ल्ड ट्रेड सेंटरच्या अगदी समोर, रस्त्यापलीकडे होतं. सकाळी सगळ्यांना बाहेर पडावं लागलं, न्यूजरूम धुळीने आणि काचांनी भरलेली, लोक एकमेकांपासून तुटलेले, कोण कुठे आहे कळत नाही, फोन लागत नाहीत. तरी काही एडिटर घरांतून कामाला लागले, काही न्यूजर्सीतल्या साउथ ब्रन्सविकच्या ऑफिसला पोचले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पेपर निघाला, पहिल्या पानावर आडवी भली मोठी हेडलाइन, जी तो पेपर सहसा कधी देतच नसे. त्या अंकाला २००२ चं ब्रेकिंग न्यूजचं पुलित्झर मिळालं. मी हे वाचताना प्रत्येक वेळी एका गोष्टीपाशी थांबते. पेपर काढायची सवय इतकी हाडात मुरलेली असायला हवी की इमारत नाही, कॉम्प्युटर नाहीत तरी कोणाला काय करायचंय ते न सांगता कळतं. एका दिवसात अशी टीम बनत नाही, तिच्यामागे एडिटरची वर्षानुवर्षांची मेहनत असते.

पुढे चारच महिन्यांनी त्यांचा रिपोर्टर डॅनियल पर्ल याला कराचीत पळवून नेऊन मारलं. स्टायगर नंतर, २००५ पासून काही वर्षं, कमिटी टु प्रोटेक्ट जर्नलिस्ट्स ह्या संस्थेचे चेअरमन होते, पत्रकारांच्या सुरक्षेसाठी झटणारी न्यूयॉर्कची संस्था. ज्याने आपला माणूस असा गमावलाय त्याच्या हाती ती संस्था होती, ह्यावर मी वेगळं काय बोलू.

मग २००७. स्टायगर पासष्टीला आलेले, मे महिन्यात मॅनेजिंग एडिटरची खुर्ची सोडली, आणि त्याच वर्षी रुपर्ट मर्डॉक यांच्या न्यूज कॉर्पने जर्नलची मालक कंपनी डाउ जोन्स ५ अब्ज डॉलरला घेतली. पेपरांच्या जाहिराती आटत चाललेल्या, गावोगावच्या न्यूजरूममधून माणसं काढणं चालू, आणि सगळ्यात आधी कुऱ्हाड कोणावर, तर एकाच बातमीवर सहा सहा महिने बसणाऱ्या रिपोर्टरवर, कारण हिशेबाच्या वहीत तो फक्त खर्चाच्या बाजूला दिसतो. (मी स्वतः हिशेब लिहिते, मला माहितीये असा माणूस खर्चाच्या कॉलममध्ये किती उठून दिसतो.) त्याच सुमारास हर्बर्ट आणि मॅरियन सँडलर हे कॅलिफोर्नियाचं जोडपं, ज्यांनी आपली गोल्डन वेस्ट ही कर्ज देणारी कंपनी २००६ ला वाकोव्हिया बँकेला विकली होती, ते शोधपत्रकारितेला वर्षाला १ कोटी डॉलर द्यायला तयार झाले. त्या पैशातून प्रोपब्लिका उभी राहिली, स्टायगर एडिटर इन चीफ झाले, पोर्टलंडच्या द ओरेगोनियन पेपरमधून आलेले स्टीफन एंगेलबर्ग मॅनेजिंग एडिटर, आणि जून २००८ मध्ये मॅनहॅटनमधून साइट सुरू झाली.

आता ते नवल कसं गेलं ते सांगते. जी बातमी वाचून वाचणाऱ्याचा पैसा वाढतो किंवा बुडता बुडता वाचतो तिला गिऱ्हाईक मिळतंच, जर्नलने तेच विकलं. पण कॅलिफोर्नियात एखाद्या नर्सविरुद्ध तक्रार आली तर तिचा निकाल लागायला सरकारी नर्सिंग बोर्डाला सरासरी तीन वर्षांच्या वर लागतात आणि तोवर ती नर्स पेशंटच्या खाटेशी उभीच असते, ह्या बातमीचं गिऱ्हाईक कोण? जो पेशंट आहे त्याला तर ह्याचा पत्ताच नसतो. ही बातमी प्रोपब्लिकाने जुलै २००९ मध्ये लॉस एंजेलिस टाइम्सबरोबर दिली आणि दुसऱ्याच दिवशी गव्हर्नर श्वार्झनेगर यांनी बोर्डातले बहुतेक मेंबर बदलून टाकले. म्हणजे पैसे लावणं आणि पैसे न लावणं ही दोन्ही एकाच प्रश्नाची उत्तरं आहेत, की रिपोर्टिंगचा पगार कोण देणार. आणि ह्या माणसाने दोन्ही उत्तरं आतून बघितलेली, म्हणून मला त्याच्या साइटवर जास्त विश्वास वाटतो.

साइट म्हणून बघायचं तर पहिली गोष्ट, बातम्या ते स्वतःजवळ धरून बसत नाहीत. मोठ्या पेपरबरोबर, रेडिओबरोबर मिळून करतात, आणि बऱ्याचशा बातम्यांना री-पब्लिशचं बटण असतं, अट एवढीच की मजकूर बदलायचा नाही, नाव द्यायचं, बातमी वेगळी विकायची नाही. कुठल्याही गावातल्या चार माणसांच्या पेपरने ती उचलून छापावी. २००९ च्या ऑगस्टमध्ये शेरी फिंक यांनी न्यूऑर्लिन्सच्या मेमोरियल हॉस्पिटलवर लिहिलं. २००५ च्या कतरिना चक्रीवादळाच्या पुरात वीज गेलेली, आतमध्ये प्रचंड उकाडा, आणि काही पेशंटना औषधांची इंजेक्शनं देऊन मरण दिलं गेलं का हा प्रश्न. ही बातमी न्यूयॉर्क टाइम्स मॅगझिनमध्ये पण आली. १३ हजार शब्दांच्या आसपास आहे, मी दोन रात्रीत वाचली. शेरी फिंक स्वतः डॉक्टर आहेत आणि कुणालाही पटकन राक्षस ठरवत नाहीत, त्या डॉक्टरांच्या अंगावर त्या क्षणी काय ओझं होतं ते पण तुमच्यापुढे ठेवतात, म्हणून ती बातमी जास्त छातीवर बसते. तिला २०१० चं पुलित्झर मिळालं, ऑनलाइन न्यूजरूमला मिळालेलं पहिलं, कारण नुसत्या ऑनलाइन संस्थांना पुलित्झरसाठी अर्ज करायला मिळायला लागलं तेच २००८ च्या शेवटी. पुढच्याच वर्षी जेसी आयसिंगर आणि जेक बर्नस्टीन यांना वॉल स्ट्रीटवरच्या मालिकेसाठी मिळालं, त्यातल्या बातम्या तर कुठल्या कागदावर छापल्याच गेल्या नव्हत्या.

दुसरी गोष्ट, ज्याच्यावर बातमी आहे त्याला ती छापायच्या आधी सगळं सविस्तर कळवायचं, एकही गोष्ट त्याला वाचताना पहिल्यांदा कळता कामा नये. ही जर्नलची जुनी शिस्त, ती इथे जशीच्या तशी आली. वाचक म्हणून ती कुठे दिसते तर बातमीच्या मध्येच समोरच्याचं म्हणणं येतं तिथे, ते शेवटच्या ओळीत एका वाक्यात कोंबलेलं नसतं. मला ह्याचा फार आदर वाटतो, कारण हे कष्टाचं काम आहे आणि त्यातून कधी कधी तुमची स्वतःची चूक पण सापडते.

तिसरं म्हणजे टूल्स, ज्यांच्यासाठी मी आले. ९९० च्या भाग सातमध्ये संस्थेच्या संचालकांचे आणि जास्त पगारवाल्यांचे आकडे असतात, भाग नऊमध्ये खर्च तीन रकान्यांत मोडलेला, कामावर किती, ऑफिस चालवण्यावर किती, देणग्या गोळा करण्यावर किती. एक्सप्लोरर हे सगळं वर्षाच्या क्रमाने लावून देतं, मूळ फाइल पण उघडते. मी नवीन मुलांना शिकवताना आधी त्यांना हेच उघडायला सांगते, म्हणते तो तिसरा रकाना बघ आणि मागची चार वर्षं बघ, मग आपण बोलू. आणि ह्यात प्रोपब्लिकाचं स्वतःचं नाव टाकलं तर त्यांचे पण ९९० निघतात! २००८ मध्ये स्टायगर यांचा पगार ५ लाख डॉलरच्या वर होता, त्यावर तेव्हा बरीच टीका झाली, नॉन-प्रॉफिटमध्ये एवढा पगार कशाला म्हणून. मला पण तो आकडा जास्तच वाटतो, अगदी स्पष्ट सांगते, त्या पैशात दोन-तीन चांगले रिपोर्टर आले असते. पण तो आकडा मला त्यांच्याच साइटवर, बाकीच्या संस्थांसारखाच, लपवाछपवी न करता बघायला मिळतो.

सँडलर यांच्यावर पण प्रश्न उठले. २००८ च्या मंदीत गोल्डन वेस्टच्या कर्जांवर बोट ठेवलं गेलं, की हप्ता कमी भरायची मुभा देऊन लोकांना बुडवलं. देणगीदाराच्या पैशाचा बातमीवर परिणाम होतो का हे विचारायलाच हवं. स्टायगर यांचं उत्तर होतं की काय छापून येणारे ते देणगीदारांना आधी कळत नाही. नंतर देणगीदार पण वाढले, एका घरावर अवलंबून राहायची वेळ राहिली नाही, आणि हे माझ्या मते शब्दांपेक्षा मोठं उत्तर आहे.

आता जे खटकतं ते. बातम्या लांब आहेत, काही तर विनाकारण लांब, पहिल्या सहा-सात परिच्छेदांत एका माणसाची गोष्ट चालते आणि मुद्दा काय हे कळायला बरंच खाली जावं लागतं. फोनवर जेवणाच्या सुट्टीत वाचायचं हे साहित्य नाही. सर्जन स्कोअरकार्ड म्हणून २०१५ ला त्यांनी मेडिकेअर ह्या म्हाताऱ्या माणसांसाठीच्या सरकारी आरोग्य विम्याच्या डेटावरून सर्जनांचे कॉम्प्लिकेशनचे दर काढले, त्यावर रँड ह्या संशोधन संस्थेच्या संशोधकांनी जोरदार आक्षेप घेतले की पद्धत पुरेशी भरवशाची नाही. प्रोपब्लिकाने जाहीर उत्तर दिलं, पण मला आकड्यांच्या माणसाच्या नजरेतून आक्षेपांत दम वाटला, कमी ऑपरेशनं करणाऱ्या डॉक्टरचा दर काढताना फार सांभाळायला हवं. आणि डॉलर्स फॉर डॉक्स, २०१० ला आलेलं, औषध कंपन्या कुठल्या डॉक्टरला किती देतात ते दाखवणारं, ते आता अपडेट होत नाही, सरकारी ओपन पेमेंट्सवर जावं लागतं. सरकारी साइटवर माहिती आहे पण प्रोपब्लिकाच्या पानाइतकी सोपी नाही, माझ्या आईच्या वयाच्या माणसाला तर ती झेपणार नाही.

स्टायगर २०१२ च्या शेवटी एडिटर इन चीफ पदावरून बाजूला झाले, एंगेलबर्ग आले. संस्थापक गेला की अशा संस्था ढेपाळतात, मी माझ्या क्लायंटांमध्ये हे बघितलंय. इथे उलट झालं. २०२४ ला सुप्रीम कोर्टाच्या न्यायाधीशांना श्रीमंत लोकांकडून मिळालेल्या सहली आणि भेटींवरच्या बातम्यांसाठी सार्वजनिक सेवेचं पुलित्झर, आणि २०२५ ला परत तेच, गर्भपाताच्या कडक कायद्यांमुळे वेळेवर उपचार न मिळून मेलेल्या बायकांवरच्या बातम्यांसाठी. ह्या दुसऱ्या मालिकेतल्या बातम्या मी एका बैठकीत वाचू शकले नाही. त्यात आरडाओरडा नाही, तारखा आहेत, हॉस्पिटलच्या नोंदी आहेत, किती तास गेले ते आहे.

नवीन वाचकाने कुठून सुरुवात करावी विचाराल तर होमपेजवरून नको, तिथे सगळं एकदम अंगावर येतं. न्यूजलेटर घ्या, फुकट आहे, आणि शनिवारी सकाळी एकच बातमी निवडून शेवटपर्यंत वाचा. किंवा तुम्ही ज्या संस्थेला दर डिसेंबरला चेक पाठवता तिचं नाव एक्सप्लोररमध्ये टाका, नवीनातला नवीन ९९० उघडा आणि आधी भाग सात बघा. वर्ष थोडं जुनं दिसेल, घाबरू नका, फॉर्म भरायला मुदतवाढ मिळते आणि आयआरएस म्हणजे अमेरिकेच्या कर खात्याकडून पण उशिराच येतं, त्यात साइटचा दोष नाही.

पाचपैकी साडेचार. अर्धा स्टार सर्जन स्कोअरकार्डचा कापलाय.