स्नो गमची साल सुटतेय म्हणून झाड कापायला सांगणाऱ्यांपासून सावध राहा

कॅनबेरात घर घेतलेल्या मराठी मंडळींसाठी हे मुद्दाम लिहितेय. अंगणात जुनं स्नो गम (निलगिरीच्या कुळातलं झाड) असेल आणि कोणी आपणहून दारात येऊन "झाड मरतंय, आजच कापायला हवं" म्हणालं, तर त्याला फाटकाच्या आत घेऊ नका. आमचे बाराशे डॉलर रोख गेले, आणि झाडाचा शेंडा गेला तो वेगळाच.

जानेवारीतला रविवार होता. पिवळं जाकीट, ट्रक, करवती, सगळा थाट चोख. मागच्या गल्लीत काम चालू आहे, माणसं मोकळी आहेत, स्वस्तात करून देतो, अशी सुरुवात झाली. मग त्याने आम्हा दोघांना झाडाभोवती फिरवलं. खोडावरून सालीच्या लांब पट्ट्या लोंबत होत्या, त्यातली एक ओढून हातात दिली. आतल्या गुळगुळीत, पांढुरक्या खोडावर नागमोडी रेघा होत्या. त्यांवरून बोट फिरवत म्हणाला, कॉझिअस्कोच्या डोंगरात स्नो गम ज्या किड्याने मरताहेत, तोच हा. बुंध्याशी जमिनीलगत फुगलेली गाठ होती, ती म्हणे कुजायला लागली होती. पानं लोंबतात म्हणजे पाणी वर चढत नाही, आणि खोड वाकडं आहे म्हणजे पुढच्या वादळात छपरावर येणार. सगळे मिळून चोवीसशे, निम्मे आत्ता. शेंडा आणि दोन जाड फांद्या उतरवल्या, बाकीचं उद्या मशीन आणून करतो म्हणाला, आणि गेला तो गेलाच. फोन बंद. कापलेल्या फांद्या हिरवळीवर तशाच पडल्या होत्या.

नंतर आम्ही शिकलेला, विमा असलेला आर्बोरिस्ट, म्हणजे झाडांचा तज्ज्ञ, बोलावला. त्याने खिशातला चाकू काढून साल नखाएवढी खरवडली. आत ओला, हिरवागार थर. झाड ठणठणीत होतं.

त्या माणसाने रोग म्हणून जे जे दाखवलं, तो सगळा या झाडाचा स्वभाव आहे, हे सांगताना मला अजून संताप येतो. स्नो गम, म्हणजे युकॅलिप्टस पॉसिफ्लोरा, उन्हाळ्यात जुनी साल टाकतं. पट्ट्या सुटतात आणि खाली पांढरी, राखाडी, मधेच हिरवट नवी साल दिसते. नागमोडी रेघा एका बारीक पतंगाच्या अळीच्या असतात. ती सालीत पोखरत जाते, आणि जुनी साल गळली की तिची वाट उघडी पडते. झाडाला त्याने काही होत नाही. डोंगरातला खरा शत्रू लाँगिकॉर्न जातीचा भुंगेरा आहे. त्याच्या अळ्या सालीखाली खोडाभोवती आडव्या पोखरत जातात आणि झाडाला आतून वेढा पडतो. साल तडकते, चीक गळतो, वरची पालवी विरळ होत जाते. आमच्या झाडावर यातलं एकही लक्षण नव्हतं. बातम्यांत ऐकलेलं खरं संकट त्याने आमच्या झाडावर चिकटवलं, आणि म्हणूनच ते पटलं.

पानं लोंबतात ती कडक ऊन अंगावर थेट पडू नये म्हणून, बहुतेक गम झाडांची तीच रीत. वाकडेपणा वारा आणि बर्फ झेलण्यातून येतो. उंच डोंगरात, जिथे झाडांची हद्द संपते, तिथे हीच झाडं अनेक खोडांची, पिळवटलेली दिसतात. आणि बुंध्याची ती गाठ म्हणजे लिग्नोट्यूबर. तिच्यात अन्नाचा साठा आणि झोपलेले डोळे, म्हणजे न फुटलेले कोंब, असतात. वणव्यात वरचं सगळं जळालं तरी तिथून धुमारे फुटतात. त्या माणसाने झाडाच्या जिवाची शिदोरीच कुजकी म्हणून दाखवली होती!

आता कायद्याचं. दारोदार विक्रीला रविवारी आणि सार्वजनिक सुट्टीच्या दिवशी येताच येत नाही. इतर दिवशी सकाळी नऊच्या आधी किंवा संध्याकाळी सहानंतर नाही, शनिवारी पाचनंतर नाही. असा करार झालाच तर तो रद्द करायला कामकाजाचे 10 दिवस मिळतात, आणि तेवढ्या काळात पैसेही घेता येत नाहीत. "आत्ता रोख द्या" हे ऐकलं की तिथेच थांबायचं.

शिवाय कॅनबेरात 1 जानेवारी 2024 पासून अर्बन फॉरेस्ट कायदा लागू आहे. झाड 8 मीटर उंच असेल, फांद्यांचा पसारा 8 मीटर रुंद असेल, किंवा जमिनीपासून 1.4 मीटरवर खोडाचा परीघ 1 मीटर असेल, तर खासगी अंगणातलं झाडही संरक्षित असतं. परवानगीशिवाय तोडलं किंवा मोठी छाटणी केली तर दंड होऊ शकतो. आमचं झाड या मापात बसतं, आणि तो माणूस परवानगीबद्दल चकार शब्द बोलला नाही.

झाडाचं काम खरंच निघालं तर एबीएन, म्हणजे धंद्याचा सरकारी नोंदणी क्रमांक, मागा आणि ऑस्ट्रेलियन बिझनेस रजिस्टरवर तपासा, फुकट बघता येतो. विम्याचा कागद आणि लेखी अंदाजपत्रक घ्या. शेंडा छाटू म्हणणारा आर्बोरिस्ट नव्हेच, शेंडा कापणं ऑस्ट्रेलियाच्या छाटणीच्या मानकात बसत नाही. कापलेल्या जागेखालून आता आमच्या झाडाला धुमाऱ्यांचे झुबके आलेत. ते वरवरच चिकटलेले असतात, म्हणून सगळे एकदम न काढता दोन-तीन वर्षांत थोडे थोडे विरळ करायला आर्बोरिस्टने सांगितलंय.

तुमच्याकडे कोणी असा येऊन गेला असेल तर अ‍ॅक्सेस कॅनबेरा या सरकारी कार्यालयाकडे तक्रार करा. गाडीचा नंबर, वेळ आणि त्याने पत्रक दिलं असेल तर त्याचा फोटो जोडा, आणि त्याच दिवशी शेजारच्यांनाही कळवा. ही माणसं एकाच भागात एकामागून एक घरं गाठत जातात.