कादंबरी की माहितीपर पुस्तक?

भाचीने विचारलं, "मामा, महिन्याला जेमतेम दोन पुस्तकं होतात. कादंबऱ्याच वाचू, की इतिहास-विज्ञानाकडे वळू?" मलपृष्ठावरची स्तुती बाजूला ठेवून सांगतो.

कादंबरीला सलग बैठक लागते. आठवडाभर खंड पडला की कोण कोणाचा कोण, हे आठवायला मागची पानं चाळावी लागतात. माहितीपर पुस्तकात अनुक्रमणिका पाहून हवं ते प्रकरण आधी वाचलं तरी बहुधा चालतं. (रहस्यकथेत हा प्रयोग करू नये. मी केलाय.)

खरा फरक टिकाऊपणात आहे. विज्ञानाचं पुस्तक शिळं होतं. माणसाच्या पेशीत ४८ गुणसूत्रं असतात, असं १९५०च्या दशकापर्यंत पुस्तकांत छापलं जायचं. १९५६मध्ये ती ४६ ठरली. २००६मध्ये प्लूटोचं ग्रहपद गेलं. म्हणून घेताना सुधारित आवृत्तीचं साल बघ. पुनर्मुद्रणाच्या सालाला भुलू नकोस. शंभर वर्षांपूर्वीच्या कादंबरीतला मत्सर मात्र अजून ताजा असतो. इतिहासाचं पुस्तक या दोन्हींच्या मधलं. संदर्भसूची नसेल तर मी ते कादंबरीच समजून वाचतो.

मनासारखं निघालं नाही तर? कादंबरी पन्नास पानांत सोडली की हाती फारसं काही उरत नाही. माहितीपर पुस्तकातलं एक प्रकरणही कामी येतं.

प्रवासात, तुकड्यातुकड्यांनी वाचणाऱ्याने माहितीपर घ्यावं. कथा हवीच असेल तर कथासंग्रह. रात्री निवांत तास मिळत असेल तर कादंबरी. भाचीला मी जोडी सुचवली: एखाद्या युद्धावरची कादंबरी आणि त्याच युद्धाचा इतिहास. आधी कादंबरी.