तीन बॉलचं स्पायरोमीटर: अप्पांसाठी घेतलं, १५ दिवस वापरून लिहितोय

४ स्टार. अप्पांचं पोट उघडून पित्ताशयाचं ऑपरेशन झालं, डिस्चार्जच्या चिठ्ठीवर हे फुफ्फुसाच्या व्यायामाचं साधन लिहून दिलेलं, सिव्हिलजवळच्या एका मेडिकलमधून ३५० ला आणलं. अप्पांनी ३० वर्षं यंत्रमागाच्या कारखान्यात काढली, सुताची धूळ छातीत गेलेली, त्यामुळं मला टाक्यांपेक्षा श्वासाचीच धास्ती जास्त होती.

पहिले दोन दिवस अप्पा त्यात फुंकत होते आणि बॉल जागचा हलेना. हे फुंकायचं नाही, नळी तोंडात धरून हवा आत ओढायची. ड्रेसिंगला आलेल्या सिस्टर म्हणाल्या, "काका, उसाचा रस स्ट्रॉनं ओढता ना, तसं, पण सावकाश." मग चादरीची घडी टाक्यावर दाबून धरली, ताठ बसले आणि पहिला बॉल थरथरत वर गेला, तेव्हा अप्पांचा चेहरा बघण्यासारखा होता.

आता हे कशाला लागतं ते सांगतो, कारण मलाही आधी कळलं नव्हतं. दुखतंय म्हणून पेशंट वरच्यावर, छोटे श्वास घेतो. साध्या श्वासात साधारण ५०० मिली हवा जाते, त्यातली १५० नाक, घसा, श्वासनळीतच राहते, तिचा रक्ताला उपयोग नाही. मिनिटाला १२ श्वास ५०० चे घेतले काय किंवा २० श्वास ३०० चे घेतले काय, हवा ६ लिटरच, पण खाली वायुकोशांपर्यंत, म्हणजे फुफ्फुसातल्या हवेच्या बारीक फुग्यांपर्यंत, पहिल्यात ४.२ लिटर पोचते आणि दुसऱ्यात फक्त ३. धाप लागल्यासारखं जास्त श्वास घेऊनही माणूस कमीच कमावतो. शिवाय खालचे वायुकोश हवेविना मिटतात, मग तिथून रक्त जातं पण ऑक्सिजन न घेताच जातं आणि कार्बन डायऑक्साइडही तिथं नीट सोडत नाही. हे कोश असतात कोट्यवधी, भिंत इतकी पातळ की वायू आपोआप आरपार होतात, पण त्यासाठी कोश उघडा तर पाहिजे.

आणि तिन्ही बॉल वर नेण्याच्या नादाला लागू नका. बॉलवरचे ६००, ९००, १२०० हे आकडे सेकंदाला किती हवा ओढली त्याचे आहेत. झटका मारून अर्धा सेकंद तिन्ही उचलले तर ६०० मिलीच आत गेली, आणि एकच बॉल २ सेकंद वर धरला तर १२०० गेली. एकच बॉल, सावकाश, पोट फुगेल असा श्वास, मग २-३ सेकंद थांबून सोडायचा. आम्ही दर तासाला १० करायचो, चक्कर आल्यासारखं वाटलं की थांबायचो.

१ स्टार कापला तो नळीसाठी. सांध्यात ढिली बसते, तिथून हवा शिरली की बॉल उचलत नाही आणि पेशंटला वाटतं आपलीच ताकद गेली. अप्पा एक दिवस त्यामुळं गप्पच बसले होते. शिवाय कागद नुसता इंग्रजीत, मराठीत चार ओळी आणि एक चित्र दिलं असतं तर ते दोन दिवस वाया गेले नसते.

तोंडात धरायचा भाग साबणाच्या पाण्यानं धुवून वाळवायचा, घरातल्या पोरांना खेळायला द्यायचा नाही. अप्पा आता दुसरा बॉलही धरतात, काल जिना न थांबता चढले.